चौथ्या खुर्चीतली ताई

नाशिकच्या गोल्फ क्लबच्या ट्रॅकवर सकाळी फिरायला येणाऱ्या मंडळींना ताई पहिल्यांदा भेटायची ती पाठीकडून. कारण ती उलटी धावायची. पन्नास पावलं सरळ, पन्नास उलटी, मग पन्नास आडवी, आणि हे सगळं कानटोप्या घातलेल्या काका-काकूंच्या गर्दीतून. काळी ट्रॅकपँट, वर नवऱ्याचा, म्हणजे आमच्या दाजींचा, जुना शर्ट आणि दोन्ही मनगटांवर एकेक घड्याळ. एकदा एका रिटायर्ड साहेबांनी तिला अडवलंच. म्हणाले, "अहो बाई, माणसानं पुढे बघून चालावं." ताई न थांबता म्हणाली, "काका, बॉल तिकडं हाय ना. मग तोंड बी तिकडंच पायजे." साहेबांनी बिचाऱ्यांनी वळून बघितलं. बॉल कुठेच नव्हता.

ताई एसटीत कंडक्टर होती आणि फुटबॉलची पंच होती. लोकांना यातली एकच गोष्ट एका वेळी खरी वाटायची. बसमधल्या लोकांना ती पंच आहे हे पटायचं नाही, आणि मैदानावरच्या लोकांना ती उद्या सकाळी सहाच्या सायखेडा गाडीवर आहे हे पटायचं नाही. तिला स्वतःला मात्र ही दोन कामं वेगळी आहेत असं कधी वाटलंच नाही. "हितं पन्नास जण, तिथं बावीस," ती म्हणायची. "हितलेच जास्त वांड."

माझी आणि तिची ओळख भांडणातून झाली. मी कॉलेजच्या टीमचा गोलकीपर होतो. आम्ही एका गोलनं पुढे होतो, म्हणून मी गोल किकला बॉल ठेवायचो, पुन्हा उचलायचो, पुसायचो, पुन्हा ठेवायचो. ताईनं येऊन शांतपणे पिवळं कार्ड दाखवलं. मी तोंड सोडलं. नियम काय, वेळ काय, बायका काय, सगळं बोलून घेतलं. तिनं सगळं ऐकलं आणि म्हणाली, "बावीस सेकंद. दोन घड्याळं हायत माझ्याकडं, दोन्ही बावीसच म्हणत्यात." मॅच संपल्यावर मी बूट सोडत बसलो होतो तिथे ती आली. मला वाटलं, आता तक्रार जाणार. ती म्हणाली, "आवाज चांगला हाय तुझा. नियम एक बी येत नाय. रविवारी ये."

मी रविवारी गेलो. का गेलो ते अजून सांगता येत नाही. त्यानंतर बारा वर्षं मी तिच्या मागे कडेच्या पंचाचा झेंडा घेऊन धावलो. मधे मी बी.एड. झालो आणि शाळेत भूगोल शिकवायला लागलो. त्या दिवसापासून ती मला मास्तर म्हणायला लागली, आणि नंतर ते कधी बदललं नाही.

तिनं शिकवलेली पहिली गोष्ट म्हणजे शिट्टी तोंडात ठेवायची नाही. नवा पंच शिट्टी दातात धरूनच पळतो. ताईनं माझ्या तोंडातली शिट्टी ओढून हातात दिली. "हातात ठेव. तोंडात असली का वाजतीच. हातातून तोंडापर्यंत न्यायला जेवढा टाइम लागतो ना, तेवढ्यात निम्मे फाऊल आपोआप मिटत्यात."

हे ती बसमध्येही पाळायची. एकदा नवरात्रात मी तिच्या वणीच्या गाडीत होतो. दोन बायकांची खिडकीवरून जुंपली. आवाज वाढले, माहेर निघालं, सगळी गाडी कंडक्टरकडे बघायला लागली. ताई तिकिटं देत राहिली. मी म्हटलं, "ताई, मिटव ना." ती म्हणाली, "अजून हात लागला नाय कोणाचा. खेळू द्यायचं. हरेक धक्क्याला शिट्टी मारली तर गाडी गडाच्या पायथ्याला पोचंल का?" दिंडोरीपर्यंत त्या दोघी एकमेकींना चिवडा देत होत्या. मग ताईनं वळून माझ्याकडे असं बघितलं की मला पुढचा अर्धा तास खिडकीबाहेर बघावं लागलं.

तिचं विक्षिप्तपण बहुतेक नियमांतून आलेलं होतं. खेळाडूंबरोबर खायचं नाही, हा एक नियम. मॅच झाली की आम्ही मिसळ खायला जायचो. तिथे एखादी टीम बसलेली दिसली की ताई आम्हाला दुसऱ्या मिसळवाल्याकडे न्यायची. तिथेही कोणी दिसलं तर तिसऱ्याकडे. एकदा तर तर्री पुढ्यात आल्यावर दारातून दोन खेळाडू आत आले, आणि हिनं आम्हाला प्लेटा उचलून भिंतीकडे तोंड करून बसवलं. तिचा सख्खा भाचा जिल्ह्याच्या स्पर्धेत खेळायचा. स्पर्धा संपेपर्यंत ती भावाच्या घरी जायची नाही. त्यात एकदा रक्षाबंधन आलं. भाऊ शेवटी द्वारका चौकात येऊन उभा राहिला आणि तिनं गाडीच्या दारातून त्याला राखी बांधली. सिग्नल सुटायच्या आत.

माझ्या लग्नात तिनं घड्याळ लावलं होतं. मुहूर्त बारा वाजून सात मिनिटांचा. मामा फेट्यासाठी अडून बसले, नवरी पार्लरमधून यायची होती, भटजी तिसऱ्यांदा गणपती आळवत होते. ताई पहिल्या रांगेत उभी. अक्षता पडल्या तेव्हा तिनं स्टेजवर येऊन मला आहेर दिला आणि कानात म्हणाली, "एकोणीस मिनिटं वाढीव. बायकोला आत्ताच पिवळं दाखवू नको."

पंचांच्या यादीत नाव लागून आंतरराष्ट्रीय बिल्ला तिला मिळाला तेव्हा ती छत्तीस वर्षांची होती. मुलींच्या स्पर्धांना ती परदेशात जायला लागली. रजा मिळवायची म्हणजे डेपोतल्या चार जणींशी ड्युट्या बदलायच्या. त्यामुळे विमानातून उतरली की दुसऱ्या दिवशी पहाटे गाडीवर. जाण्याआधी मला फोन यायचा, "मास्तर, तिथं थंडी किती असंल? दाजी विचारत्यात, स्वेटर एक टाकू का दोन." दाजी तिची बॅग भरायचे. काळ्या शर्टाला इस्त्रीही तेच करायचे. बाह्यांची घडी मोडू नये म्हणून मधे पेपर घालायचे.

ताश्कंदहून आली त्या आठवड्यात मी सायखेड्याला मामाकडे निघालो होतो. गाडीत एका म्हाताऱ्या आजीनं तिला विचारलं, "बाई, आठ दिस दिसली नाय. कुठं गेल्ती?"

"ताश्कंदला."

"कोणत्या तालुक्यात आलं ते?"

ताई म्हणाली, "लय लांब हाय आजी. पलीकडच्या."

"लेक दिली का तिथं?"

"नाय. मॅच व्हती."

आजीनं थोडा विचार केला आणि म्हणाली, "जाऊ दे. सुखरूप आली ना." ताईला हे इतकं आवडलं की पुढे कुठल्याही देशातून आली की ती मला फोनवर एवढंच सांगायची: पलीकडच्या तालुक्यातून सुखरूप आले.

आता चौथ्या खुर्चीबद्दल सांगायला हवं. मोठ्या सामन्याला मैदानात एक मुख्य पंच असतो आणि दोन बाजूंना दोन झेंडेवाले. शिवाय एक चौथा पंच असतो. तो मैदानाच्या कडेला दोन्ही टीमच्या मधोमध बसतो. खेळाडू बदलायचा असला की आकड्यांचा बोर्ड वर धरतो, कागद तपासतो आणि बाकीचा वेळ दोन्हीकडच्या कोचांच्या शिव्या ऐकतो. पुरुषांच्या व्यावसायिक लीगमध्ये ताईला बोलवायचे ते ह्या जागेवर. छातीवर आंतरराष्ट्रीय बिल्ला, चार देशांत शिट्टी वाजवून आलेली बाई, आणि हातात बोर्ड. पहिल्या वर्षी म्हणाले, अनुभव घ्या. दुसऱ्या वर्षी म्हणाले, पुढच्या वर्षी बघू. पाचव्या वर्षी कोणी काही म्हणेनासं झालं.

ती मात्र प्रत्येक वेळी पूर्ण वॉर्मअप करायची. मैदानात उतरणारे तिघं वीस मिनिटं पळायचे, ही चाळीस. मी एकदा चिडवलं, "ताई, एवढं पळून शेवटी खुर्चीतच बसायचं ना?"

"नवरदेव ऐन टायमाला पळाला तर? कोणीतरी आंघोळ करून बसलेलं पायजे का नको?"

मी हसलो. तीही हसली. पण एकदा घोटीच्या स्टँडवर, गाडी बंद पडली म्हणून आम्ही दोघं चहा घेत बसलो होतो, तेव्हा ती हसली नाही. बाहेर भाताची पोती उतरत होती. ती तिकडे बघत म्हणाली, "मास्तर, बायांच्या मॅचला वाजवली मी शिट्टी. लय वाजवली. एकदा आपल्या इथल्या गड्यांच्या लीगमधी वाजवायची. पुरी मॅचच पायजे असं नाय. अर्धा तास दिला तरी चालंल. दोन वर्षांनी पाय ऐकायचे नायत माझे." मी म्हटलं, मिळेल ताई. तिनं ग्लास ठेवला आणि उठली.

हे सगळं मला माहीत होतं. ते आधी नीट लिहून ठेवतो.

त्याच्या पुढच्या वर्षी पुण्याच्या मोठ्या स्टेडियमवर लीगचा सामना होता. मुख्य पंच बाहेरच्या राज्यातला. मी सीनियर झेंडेवाला. चौथी ताई. सामन्याआधी दीड तास पंचांची बैठक होते. त्यात एक कागद भरायचा असतो आणि त्या कागदावर एक रकाना असतो: मुख्य पंच जायबंदी झाला तर शिट्टी कोणाकडे? चौथ्याकडे जाऊ शकते, किंवा सीनियर झेंडेवाल्याकडे. मग चौथा त्याचा झेंडा घेतो. बहुतेक ठिकाणी चौथाच लिहितात. हा रकाना कधी कामाला येत नाही, म्हणून कोणी त्यावर विचारही करत नाही.

ताई बैठकीत हजेरी लावून लवकर वॉर्मअपला निघून गेली होती. सामन्यावर देखरेख करणारे कमिशनर वयस्कर गृहस्थ होते, नागपूरकडचे, स्वभावानं चांगले. माझं अक्षर बरं म्हणून त्यांनी कागद माझ्याकडे सरकवला. त्या रकान्यापाशी आल्यावर म्हणाले, "इथे चौथा लिहायचं, की तुम्ही? म्हणजे मॅडम आहेत म्हणून विचारतो. पब्लिक जरा तापट आहे आज."

मुख्य पंचानं खांदे उडवले. कमिशनर माझ्याकडे बघत राहिले. एक शब्द बोलायचा होता. 'चौथा.' तोही नुसता लिहायचा होता. मी म्हटलं, "बघा सर, तुम्हाला योग्य वाटेल ते." ते म्हणाले, "मग तुम्हीच." आणि मी लिहिलं.

मला वाटलं, ही वेळ येणारच नाही, मग कशाला वाद. हे मी स्वतःला सांगितलेलं कारण. खरं कारण असं की लिहिताना मला बरं वाटलं. मी तिशीतला होतो, शाळेत भूगोल शिकवत होतो आणि त्या चौकोनात माझं पद दिसत होतं.

एकसष्टाव्या मिनिटाला मुख्य पंच धावता धावता थांबला आणि पोटरी धरून खाली बसला. फिजिओ आला, त्यानं मान हलवली. मी लाइनवर उभा होतो. समोर पलीकडे ताई खुर्चीतून उठली. तिनं जॅकेटची चेन खाली ओढली, जॅकेट काढून खुर्चीच्या पाठीवर टाकलं, मोजे वर ओढले आणि चालत निघाली. आत काळा शर्ट, बाह्यांवर इस्त्रीची घडी. दहा-बारा हजार माणसं होती. कमिशनरनी कागद बघून माझ्याकडे बोट केलं. मुख्य पंचाची शिट्टी माझ्या हातात आली. ताई माझ्यापाशी पोचली. मी तिच्याकडे बघू शकलो नाही.

तिनं हात पुढे केला आणि म्हणाली, "दे."

मी झेंडा दिला.

एकोणतीस मिनिटं आणि वर चार मिनिटं वाढीव मी शिट्टी वाजवली. चांगली वाजवली असं सगळे म्हणाले. खरं सांगायचं तर ताईनं वाजवून घेतली. शेवटी शेवटी एक गोल झाला, सगळी टीम ऑफसाइड ऑफसाइड ओरडत माझ्या अंगावर आली. मी लाइनकडे बघितलं. ताईचा झेंडा खाली होता आणि ती मधल्या रेषेकडे पळत सुटली होती, म्हणजे गोल बरोबर आहे. मी गोल दिला. नंतर टीव्हीवर दाखवलं, वीतभर फरकानं गोल बरोबर होता. माझं नाव झालं.

पुण्याहून नाशिकला आम्ही एकाच गाडीनं आलो. मी वाट बघत होतो. ही बाई मला बुटाच्या नाडीवरून बोलायची, झेंडा डाव्या हातात धरला म्हणून बोलायची, रिपोर्टात स्वल्पविराम चुकला म्हणून बोलायची. नारायणगाव गेलं, संगमनेर गेलं. तिनं मला एक चिकू सोलून दिला. सिन्नरला म्हणाली, "तो दुसरा कॉर्नर बरोबर दिला." बस.

पुढच्या मोसमात लीगनं मला मुख्य पंच केलं. पंचांची दर वर्षी धावण्याची परीक्षा असते, ती दिल्याशिवाय शिट्टी मिळत नाही; ताई त्या वर्षी तिला गेलीच नाही. फॉर्मच भरला नाही म्हणे. दाजींना विचारलं तर म्हणाले, "माझ्याशी पण बोलली नाही. शर्ट तेवढा धुऊन ठेव म्हणाली."

मी फोन करायचो. ती उचलायची, नीट बोलायची. शाळा कशी आहे, पोरगी चालायला लागली का, पलीकडच्या तालुक्यात कुठे कुठे जाऊन आलास. पण बोलायची म्हणजे रागवायची ते थांबलं होतं. मला त्याची इतकी आठवण यायची की काय सांगू. मॅच झाल्यावर हॉटेलच्या खोलीत मी स्वतःच्या चुका मोठ्यानं म्हणून बघायचो, तिच्या आवाजात. ते जमायचं नाही. शब्द आठवायचे, पण धाक नसायचा. माझ्या आईनं मला इतकं पोरकं कधी केलं नाही.

तीन वर्षं अशी काढली. गेल्या हिवाळ्यात एका दुपारी मी नाशिकच्या सीबीएस स्टँडवर जाऊन तिच्या वणीच्या गाडीत बसलो. दिंडोरीला गाडी जवळजवळ रिकामी झाली. ती माझ्या शेजारी येऊन बसली. बाहेर बागांत द्राक्षांच्या घडांना कागद बांधत होते. मी म्हटलं, "ताई, पुण्याला त्या कागदावर मी माझं लिहिलं. मला विचारलं होतं. मी तुझं नाव घेतलं नाही."

"माहितीये," ती म्हणाली.

"कधी कळलं?"

"तवाच. कागद तपासून सही घ्यायचं काम चौथ्याचं असतं ना, मास्तर? वॉर्मअपवरून आले, कागद हातात घेतला. तुझं अक्षर वळखू येत नाय व्हय मला?"

"मग तू जॅकेट काढून आलीस ते…"

"झेंडा घ्यायला. जॅकेट घालून लाइनवर पळत्यात का?"

तीन वर्षं मी ते जॅकेट डोळ्यांपुढे घेऊन जगलो होतो. शिट्टी आपली समजून निघालेली ताई, आणि मधेच अडवणारा मी. ती शिट्टीकडे निघालीच नव्हती. मला क्षणभर हलकं वाटलं, आणि मी मूर्खासारखा म्हणालो, "म्हणजे तुला वाईट नाही वाटलं?"

ती माझ्याकडे बघत राहिली. पूर्वी कार्ड काढायच्या आधी बघायची तशी.

"मॅच सुरू व्हायला चाळीस मिनिटं व्हती," ती म्हणाली. "मी रूमच्या दारातच बसले, बुटाच्या नाड्या बांधीत. किती येळ बांधणार? सोडल्या, परत बांधल्या. तू तीनदा माझ्या अंगावरून गेला. एकदा पाणी आणायला, दोनदा उगाच. दरवेळी म्हटलं, आता सांगंल. आता सांगंल."

"सांगितलं असतं तर काय केलं असतंस?"

"मीच म्हटलं असतं, राहू दे, तूच घे. तुझे पाय तरुण हायत." तिनं तिकिटांचं मशीन मांडीवर सरळ केलं. "माझ्या हातानं दिली असती रे तुला. तेवढं बी ठेवलं नाय तू मला."

पुढे रस्त्यावर दोन बायका हात करत उभ्या होत्या. तिनं घंटीची दोरी ओढली आणि उठून दाराशी गेली. वणी येईपर्यंत गाडी भरली आणि ती माझ्याकडे परत आली नाही.

मी अजून लीगमध्ये शिट्टी वाजवतो. सामन्याआधी कागद येतो तेव्हा तो रकाना मी कोणाला विचारत नाही. स्वतःच्या हातानं 'चौथा' लिहितो आणि बाहेर जाऊन तिथे जो कोणी बसलेला असेल त्याला सांगून येतो. हल्लीची पोरं असतात. मोबाईल खाली ठेवून म्हणतात, "हो सर, ठीक आहे सर," आणि मी उगाच थोडा वेळ तिथे उभा राहतो.